तेरावा हात

दोरवालीचा उजवा खांदा वर जात नव्हता. तीस वर्षं दोर वळायचं चाक फिरवून तो असा धरला होता की केस विंचरायचे तर डोकं खाली नेऊन हाताजवळ आणावं लागे. म्हणून नगरपरिषदेच्या सभेत ती डावा हात वर करायची आणि तो लवकर दमू नये म्हणून उजव्या हाताचा कोपराला टेकू द्यायची. सभा सुरू झाली रे झाली की हात वर. विषय कोणताही असो. कारण तिचा विषय कार्यक्रमपत्रिकेत नेहमी सगळ्यात खाली, ‘अध्यक्षांच्या परवानगीने आयत्या वेळी येणारे विषय’ यात टाकलेला असे, आणि ती आयती वेळ नेमकी केव्हा येते हे तिला कधी कळलंच नाही. दोन वर्षांत ती आली नव्हती. अध्यक्ष उठायचे, खुर्च्या सरकायच्या, लोक जिना उतरायला लागायचे, आणि बाईंचा हात अजून वरच.

"बाईंचा झेंडा लागला, सभा सुरू करा," असं एकजण दर वेळी म्हणायचा आणि बाकीचे दर वेळी हसायचे. तीही हसायची. आपल्यावर हसतात म्हणजे निदान आपण दिसतो तरी, असं तिला वाटायचं.

तिचा विषय म्हणजे टाकी. सहा उंच खांबांवर उभी असलेली पाण्याची टाकी गल्लीच्या मागे होती, आणि गल्ली आणि टाकी यांच्यामधून एक सरळ लांब पट्टी जात होती. त्या पट्टीवर तीन पिढ्या दोर वळले जात होते. दोराला सरळ जागा लागते. गावात दुसरीकडे ऐंशी पावलं सरळ जागा नव्हती. घराच्या बाजूला चाक. तिथे ती बसून चाक फिरवायची. तिचे सासरे कमरेला तागाचा जुडगा गुंडाळून, चाकाकडे तोंड करून, बोटांनी ताग सोडत सोडत मागे मागे चालायचे. ऐंशी पावलांतली शेवटची दहा टाकीच्या खांबांमधली. सासऱ्यांचं सगळं आयुष्य असं मागे चालण्यात गेलं होतं आणि कुठे थांबायचं ते त्यांच्या टाचांना पाठ होतं. नवरा ताग विंचरायचा आणि तीन पेड एकत्र घालून पीळ भरायचा.

चार वर्षांपूर्वी घराच्या बाजूच्या खांबाला भेग पडली. आधी केसाएवढी, मग दोरा जाईल एवढी. गल्लीने अर्ज दिले, फोटो दिले, मोर्चासुद्धा नेला. शेवटी निवडणूक लागली तेव्हा चाळीस घरांनी ठरवलं की आपल्यातलंच कोणीतरी आत पाठवू. दोरवालीचं तोंड चांगलं चालायचं, म्हणून तिला पाठवलं. आत गेल्यावर तोंड चालवायला हात वर करावा लागतो, हे कोणाच्या लक्षात आलं नव्हतं.

त्या दिवशी सकाळी खांबाची एक खपली निघून पडली. चांगली ताटाएवढी. खांबांमध्ये शिरणाऱ्या सासऱ्यांच्या टाचेपासून वीतभर. सासरे वळून बघतात तर लोखंडाची गंजलेली सळई उघडी पडलेली.

"मामा, लागलं का?"

"लागलं असतं तर बोललो असतो का? हे घेऊन जा आज सभेला. कागद बघून त्यांना समजत नाही ना, दगड दाखव."

खपली वर्तमानपत्रात गुंडाळून, पिशवीत घालून ती गेली. सभा खास होती हे तिला माहीत होतं. अध्यक्षांवर अविश्वास ठराव होता. विरोधी गटाचे पुढारी, ज्यांना सगळे ट्रकवाले म्हणत, आठवडाभर आधी घरी येऊन सही मागून गेले होते, तेव्हा तिने सांगितलं होतं, "मला तुमच्या दोघांचं काही नाही. टाकीचं बोला." ते टाकीचं काही बोलले नाहीत. बारा सह्यांवर ठराव दाखल झाला. एकोणीस सदस्यांत तेरा हात हवे होते.

खास सभेला एकच विषय असतो आणि आयत्या वेळचं काही नसतं, हे मात्र तिला कोणी सांगितलं नव्हतं. ती बसली, मांडीवर पिशवी घेतली आणि हात वर केला. जिल्ह्याहून आलेले अधिकारी घाईत होते. त्यांनी ठराव वाचला. अध्यक्षांची माणसं ओरडायला लागली, कोणीतरी टेबल बडवलं. त्या गलक्यात ठरावाचं वाक्य तिला नीट ऐकू आलं नाही, शेवटचं तेवढं आलं. "हात वर करा." दोन वर्षांत या सभागृहात तिला असं पहिल्यांदा कोणी म्हणत होतं. तिने हात आणखी थोडा उंच केला.

"अकरा, बारा," अधिकारी पेनाने मोजत तिच्यापर्यंत आले. "तेरा."

एकच ओरडा झाला. ट्रकवाल्यांना लोकांनी उचललं. दोरवाली हात वर धरूनच उभी राहिली. "साहेब, माझा विषय राहिलाय."

"झाला की बाई तुमचा विषय," ट्रकवाले वरूनच म्हणाले, आणि या वेळी सगळं सभागृह हसलं, अध्यक्षांचे लोक सोडून. अध्यक्ष तिच्याकडे एकटक बघत होते. पिशवीतली खपली तशीच घरी परत आली.

*

चार दिवसांत अध्यक्ष कोर्टात गेले. तेरावा हात हे मत नव्हतंच, तो हात ठराव वाचायच्या आधीपासून वर होता, असा त्यांचा दावा. ट्रकवाल्यांच्या वकिलाने उत्तर दिलं, हात आधी वर होता की नंतर याला अर्थ नाही, मोजताना वर होता ना? कोर्टाने दोघांचं ऐकून सांगितलं, निकाल लागेपर्यंत ‘जैसे थे’. अध्यक्ष अध्यक्ष नाहीत, दुसरा कोणी झालेला नाही, आणि परिषदेने कोणताही निर्णय घ्यायचा नाही.

दोरवाली मुख्याधिकाऱ्यांकडे गेली. खपली त्यांच्या टेबलावर ठेवली. त्यांनी आधी खालच्या फाइली काढून घेतल्या.

"बाई, टाकी रिकामी करायची म्हणजे निम्म्या गावाचं पाणी बंद. टँकर लावावे लागतील. त्याला ठराव लागतो, सही लागते. आणि परिषदेचा सगळा विषय आता न्यायप्रविष्ट आहे."

"तोवर पडली तर?"

"माझे हात बांधलेले आहेत," असं म्हणून त्यांनी दोन्ही हात वर केले. बांधलेले हात इतके सहज कसे वर जातात, हे तिने घरी येऊन नवऱ्याला करून दाखवलं. उजवा गेला नाही, म्हणून डावा दोनदा केला.

"न्यायप्रविष्ट म्हणजे?" सासऱ्यांनी विचारलं.

"कोर्टात गेलंय."

"काय गेलंय? टाकी तर इथेच आहे."

नवरा हसला, मग हसायचा थांबला. त्याने कोळशाने भेगेच्या वरच्या टोकाला खूण केली. चौथ्या दिवशी भेग खुणेच्या बोटभर वर गेली होती. त्याने नवी खूण केली. एका बंदराच्या कंत्राटदाराची लांब दोरांची मागणी होती, काम थांबवता येत नव्हतं. फक्त आता सासरे सत्तर पावलांवर थांबायचे आणि दर दोराला दहा पावलांचा जोड द्यावा लागायचा. जोड दिलेला दोर बघून कंत्राटदाराच्या मुकादमाने तो पायाने बाजूला सारला. "हे शेळ्या बांधायला ठेवा," तो म्हणाला. सासऱ्यांच्या दोराला आजवर कोणी पाय लावला नव्हता. त्या दिवशी ते जेवले नाहीत.

मग कोर्टाने दोरवालीलाच बोलावलं. असं सहसा करत नाहीत, कागदावरच भागतं. पण इथे सगळं तिच्या हातावरच अडलं होतं. तारीख कळली त्या दिवसापासून घरी माणसं यायला लागली.

अध्यक्ष स्वतः आले. चाकाशेजारच्या ओंडक्यावर बसले, चहा घेतला.

"ताई, तुम्हाला खोटं बोला म्हणत नाही. खरं तेच सांगा. तुम्ही प्रश्न विचारायला हात वर केला होता."

"हो."

"बस्स. तेवढं सांगा. खुर्चीवर परत बसलो की पहिली सही टाकीची."

"दोन वर्षं होतात की खुर्चीवर."

अध्यक्षांनी कप खाली ठेवला. पट्टीवरून इकडून तिकडे नजर फिरवली. "ही जागा परिषदेचीच ना? कागद केलेला दिसत नाही कधी तुम्ही." एवढंच म्हणून ते उठले. जाताना सासऱ्यांना नमस्कारही करून गेले.

दुसऱ्या दिवशी ट्रकवाले. ते बसले नाहीत. "वहिनी, मत दिलं म्हणा. पहिली सही टाकीची, माझा शब्द. नाहीतर लोक म्हणतील, बाईने पैसे खाऊन शब्द फिरवला. लोकांचं तोंड कोण धरणार?" आणि नवऱ्याच्या खांद्यावर हात ठेवून, "तुमचा माल स्टेशनला कोणाच्या गाडीतून जातो, दादा?" माल त्यांच्याच गाडीतून जायचा.

दोघं येऊन गेल्यावर नवरा ताग विंचरायला बसला. मग म्हणाला, "कोणालाही हो म्हण. पण एकालाच म्हण."

"दोघं एकच बोलले. पहिली सही टाकीची. मग दोघांनी मिळून आजच का करत नाहीत?"

नवऱ्याने विंचरलेला ताग उचलून आत नेला. तिला मनातून भीती वाटत होती. माणसांची नव्हे. चाक फिरवताना सासऱ्यांच्या डोक्यावर टाकीचा तो काळा गोल दिसायचा आणि ती त्यांची पावलं मोजायला लागायची.

*

कोर्टात पंखा फिरत होता आणि दोन्ही वकील घामेघूम होते. न्यायाधीश वयस्कर होते, आवाज हळू.

"तुम्ही हात वर केला होता?"

"केला होता."

ट्रकवाल्यांचा वकील मागे रेलला.

"ठरावाच्या बाजूने?"

"टाकीच्या बाजूने."

लोक हसले. न्यायाधीश हसले नाहीत. "बाई, विचारलं तेवढंच सांगा. मत द्यायला केला होता का?"

"नाही साहेब. विचारायला. टाकी कधी रिकामी करणार, ते."

आता अध्यक्षांचा वकील मागे रेलला. दुसरा ताडकन उठला. मोजताना हात किती वर होता, खांद्याच्या वर की खाली, ते बाईंनी करून दाखवावं, अशी त्याने विनंती केली. तिने डावा हात वर केला, उजव्याचा टेकू दिला. कारकुनाने लिहून घेतलं. एका वकिलाने फूटपट्टी मागवण्याबद्दल काही म्हटलं, दुसऱ्याने हरकत घेतली. हात आधार देऊन धरला तर तो वर केला म्हणायचा की धरून ठेवला म्हणायचा, यावर दोघं पाऊण तास बोलले. तोपर्यंत तिला हात खाली घ्या असं कोणी म्हटलं नाही. तिनेही घेतला नाही. बोटांना मुंग्या आल्या, मग कोपर थरथरायला लागलं.

शेवटी न्यायाधीशांचं लक्ष गेलं. "घ्या खाली, बाई."

"मला विचारायचंय साहेब. टाकीचं—"

"टाकी या कोर्टापुढे नाही," ते म्हणाले. वाईट वाटल्यासारखं म्हणाले, हे तिने नंतरही कबूल केलं. "इथे फक्त हाताचा प्रश्न आहे." आणि त्यांनी पुढची तारीख दिली. सहा आठवड्यांनंतरची. जैसे थे चालू.

बाहेर पायऱ्यांवर दोन्ही गट आपण जिंकल्यासारखे बोलत होते. बाईने हात कबूल केला, असं एका बाजूचं म्हणणं. बाईने मत नाकारलं, असं दुसऱ्या बाजूचं. तिच्याशी कोणीच बोललं नाही.

घरी आल्यावर सासऱ्यांनी तिला खांबापाशी नेलं. भेगेतून पाणी झिरपत होतं. नुसती ओल नव्हे, धार. त्यांनी तळहात खांबाला लावला आणि तिचाही लावायला सांगितला. खांब आतून थरथरत होता.

"पंप चालू असेल, मामा."

"पंप दुपारी बंद असतो."

पाणी सोडणारा माणूस रोज त्या वेळी यायचा. त्यानेही हात लावून बघितला आणि झटकन काढला. टाकी रिकामी करायचा व्हॉल्व्ह जमिनीत एका चौकोनी खड्ड्यात होता आणि त्याची लांब लोखंडी चावी या माणसाकडे असायची. त्याने इकडेतिकडे पाहिलं. चावी खांबाला टेकवली. "मी चहाला चाललोय. मला यायला तासभर लागेल. मी कोणाला काही सांगितलेलं नाही." आणि खरंच गेला.

व्हॉल्व्ह वर्षानुवर्षं फिरवलेला नव्हता. नवरा चावीला लोंबकळला, काही हाललं नाही. तेव्हा तिने नवा दोर आणला, तोच जोड दिलेला, मुकादमाने पायाने सारलेला. चावीच्या आडव्या दांड्याला तीन वेढे दिले. तिघं दोराला लागले आणि मागे मागे चालू लागले. सासरे सगळ्यात मागे, आयुष्यभर चालले तसे. तिचा उजवा खांदा कळवळला. ती ओरडली पण सोडलं नाही. खड्ड्यात काहीतरी कुरकुरलं, मग सुटलं, आणि नाल्यात पाणी असं कोसळलं की शेजारच्या घरातल्या बायका बाहेर आल्या. संध्याकाळपर्यंत टाकी रिकामी झाली. झिरपणं थांबलं. सासरे रात्री पोटभर जेवले.

*

तो आनंद दीड दिवस टिकला. नळ कोरडे पडले आणि गाव पेटलं. परिषदेच्या पायऱ्यांवर हंडे आपटले गेले. मग एक गोष्ट झाली जी गेल्या तीन महिन्यांत झाली नव्हती. अध्यक्षांचे लोक आणि ट्रकवाल्यांचे लोक एका टेबलाशी बसले आणि एकाच कागदावर सह्या केल्या. अठरा सह्या. एका सदस्याने न्यायप्रविष्ट बाबतीत हस्तक्षेप करून सार्वजनिक पाण्याची नासाडी केली, अशी तक्रार. परिषदेचा अभियंता पोलीस घेऊन टाकीपाशी आला.

"साहेब, तुम्हीच बघा ना भेग," नवरा म्हणाला.

अभियंत्याने बघितली. चांगली वाकून बघितली. त्याचा चेहरा उतरला हे तिघांनीही पाहिलं. "कोर्टाचा आदेश निघाला त्या दिवशी टाकी भरलेली होती," तो खांबाकडे न बघता म्हणाला. "जैसे थे म्हणजे भरलेली. मी आदेश मोडू शकत नाही."

दुपारी पंप सुरू झाला. पाइपातून पाणी वर चढायचा आवाज गल्लीभर ऐकू आला आणि गल्लीत टाळ्या पडल्या. तिच्याच गल्लीत. ज्या चाळीस घरांनी तिला टाकीसाठी निवडून दिलं होतं, त्यांनी. शेजारीण कळशी घेऊन नळाशी बसली होती. "आलं बाई एकदाचं," ती म्हणाली, आणि मग दोरवालीकडे बघून, "लहान पोरं आहेत गं घरात. दोन दिवस पाण्यावाचून काय काढले ते आम्हाला विचार."

"चार वर्षं काय काढली ते विसरलीस?"

शेजारीण कळशी भरायला लागली.

त्या संध्याकाळी सासऱ्यांनी स्वतः चाकाचे खुंट खणून काढले. सामान गावाबाहेर नणंदेच्या घरी नेलं. तिथे मागे अंगण होतं, पण जेमतेम वीस पावलांचं. सासरे एकदा चालून बघायला गेले, टाच भिंतीला लागली, आणि ते तिथेच भिंतीला टेकून बसून राहिले. वीस पावलांत शेळ्यांचे दोरसुद्धा धड होत नाहीत. बंदराची मागणी गेली. निघण्याआधी दोरवाली चाळीसही दारांवर जाऊन आली होती. पावसापर्यंत तरी दुसरीकडे राहा म्हणून सांगून आली होती. कोणी म्हणालं बघू. कोणी म्हणालं, तुला नणंद आहे, आम्हाला कोण आहे? एकाने दार उघडलंच नाही.

दहा दिवसांनी पाणी सोडणारा माणूस सायकलवरून नणंदेच्या घरी आला. कोर्टाचा बेलीफ तिला शोधत होता, तो म्हणाला. तारीख अलीकडे घेतलीय, बाईंनी जातीने हजर राहायचंय. जुन्या पत्त्यावर घर बंद, गल्लीत कोणी पत्ता सांगेना. मग काल त्याने नियमाप्रमाणे नोटीस चिकटवून बजावली.

"घराच्या दाराला?"

"दाराच्या पत्र्याला खळ लागेना. पंचांना म्हणाला, पत्ता ‘टाकीजवळ’ असाच आहे, तर टाकीच्या खांबाला लावतो. गुळगुळीत जागा बघून लावलीय."

दोरवाली त्याच पावली निघाली. नवरा आणि पाणी सोडणारा मागून. सकाळचे आठ वाजत होते, टाकी भरायची वेळ, पंप चालू होता. गल्लीत नळांवर रांगा होत्या. बायकांनी तिला बघून तोंडं फिरवली. ती सरळ खांबापाशी गेली.

बेलीफाने कागद नेमका भेगेवर लावला होता. चारही बाजूंनी भरपूर खळ लावून, कामात कसूर न करता. कागद मधोमध फाटला होता. कोणी ओढून फाडावा तसा वाकडातिकडा नव्हे, वरपासून खालपर्यंत, भेगेबरोबर. डाव्या तुकड्यावर तिचं नाव होतं, उजव्या तुकड्यावर तारीख, आणि दोन्ही तुकडे आपापल्या जागी घट्ट चिकटलेले. तिने मध्ये करंगळी घातली. आत गेली.

"काल कधी लावला?" तिने विचारलं.

"दुपारी चारला," पाणी सोडणारा म्हणाला आणि दोन पावलं मागे सरकला.

"पळ. पंप बंद कर."

"मला तसा आदेश—"

तिने त्याचं पुढचं ऐकलं नाही. ती गल्लीत धावली. पहिलं दार शेजारणीचं. तिने कडी वाजवली नाही, हाक मारली नाही, लाथ घातली. आतलं पोर उचललं आणि बाहेर पळत सुटली, म्हणजे त्याच्यामागून आई धावेल, आईमागून घर धावेल. "पळा गं, पळा," ती ओरडत होती. शेजारीण शिव्या देत, भरलेली कळशी हातात तशीच घेऊन, तिच्यामागे धावत होती. नळावरच्या रांगेतली एकही बाई अजून जागची हलली नव्हती.